येरझाऱ्यांचा इतिहास : पिंजऱ्यातल्या रिकाम्या वेळेकडे माणसाचे लक्ष कधी गेले?

१/
इयत्ता चौथीची सहल होती. एका जुन्या प्राणिसंग्रहालयात अस्वलाच्या पिंजऱ्यापुढे आम्ही चाळीसेक मुले उभी होतो. अस्वल चार पावले उजवीकडे जाई, भिंतीपाशी मान झटकून वळे, चार पावले डावीकडे येई आणि पुन्हा तिथेच मान झटके. ‘बघा, नाचतंय!’ असे कोणीतरी ओरडले आणि आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

ते नाचत नव्हते, हे कळायला मला बरीच वर्षे लागली. आजचा धागा त्या येरझाऱ्यांविषयी आहे. जरा दीर्घ आहे, सवडीने वाचा.

२/
एकच हालचाल, त्याच क्रमाने, त्याच जागी, कोणत्याही दृश्य हेतूविना पुन:पुन्हा करीत राहणे, याला वर्तनशास्त्रात ‘स्टीरिओटाइपी’ म्हणतात. वाघाच्या येरझाऱ्या, हत्तीचे झुलणे, जिराफाचे भिंत चाटत राहणे ही तिचीच रूपे. यावर शोधलेला उपाय म्हणजे ‘एनरिचमेंट’. मराठीत आपण त्याला ‘परिसर-समृद्धी’ म्हणू. बंदिस्त प्राण्याच्या परिसरात असे काही आणायचे की त्याला शोधावे, चढावे, खणावे, हुंगावे, निवडावे लागेल.

कल्पना आज साधी वाटते. ती सुचायला मात्र शतके लागली आणि त्या विलंबातच खरा इतिहास दडलेला आहे.

३/
सुरुवात आपल्याच उपखंडातून करू. मुघल बादशहा जहांगीर हा अतिशय बारकाईने पाहणारा निरीक्षक होता. हत्तींना डुंबणे आवडते, परंतु हिवाळ्यात थंड पाण्याने ते कुडकुडतात, हे त्याच्या लक्षात आले आणि त्याने त्यांच्यासाठी पाणी कोमट करण्याची आज्ञा दिली. ही गोष्ट त्याने स्वत:च्या आत्मचरित्रात, ‘तुझुक-इ-जहांगिरी’त, नोंदवून ठेवली आहे. बंदिस्त प्राण्याला सुखदु:ख असते आणि ते दूर करणे पाळणाऱ्याच्या हाती असते, ही जाणीव त्या नोंदीत स्पष्ट दिसते.

४/
त्याच ग्रंथातली दुसरी नोंद अधिक विलक्षण आहे. आपल्या वडिलांनी, म्हणजे अकबराने, एकेकाळी हजारभर चित्ते जमवले होते. त्यांची वीण व्हावी अशी त्याची फार इच्छा होती, पण ती कधी झाली नाही, असे जहांगीर लिहितो. नर-मादीला बागेत एकत्र सोडूनही पाहिले, तरी उपयोग झाला नाही. पुढे, १६१३ च्या सुमारास, एक नर चित्ता गळ्यातला पट्टा सोडवून मादीपर्यंत पोहोचला आणि अडीच महिन्यांनी तीन पिल्ले जन्मली.

हजार चित्त्यांमागे पिल्ले झाली ती एकदाच, आणि तीही पट्टा निसटला तेव्हा.

५/
आधुनिक काळात बंदिवासात चित्त्याची पिल्ले जन्मल्याची पहिली नोंद थेट १९५६ सालची आहे, फिलाडेल्फियाच्या प्राणिसंग्रहालयातली. मधल्या साडेतीन शतकांत राजेरजवाड्यांनी आणि प्राणिसंग्रहालयांनी असंख्य चित्ते बाळगले. खाणे होते, निवारा होता, राखणदार होते. तरीही काहीतरी कमी होते. ते ‘काहीतरी’ म्हणजे नेमके काय, हा प्रश्न जहांगिराच्या नोंदीत उभा राहतो. त्याचे शास्त्रीय उत्तर शोधायला कोणी बसले, ते विसाव्या शतकात.

६/
मध्ये एकोणिसावे शतक आले आणि राजांचे खासगी प्राणिसंग्रह जाऊन सार्वजनिक प्राणिसंग्रहालये उभी राहिली. लंडनची झूऑलॉजिकल सोसायटी १८२६ मध्ये स्थापन झाली आणि तिची बाग १८२८ मध्ये उघडली. कलकत्त्याचे अलिपूर प्राणिसंग्रहालय १८७६ मध्ये सुरू झाले. या संस्थांपुढचा पहिला प्रश्न ‘प्राणी सुखी आहे का?’ हा नव्हता. ‘प्राणी जगेल कसा?’ हा होता. दूरदेशीचे प्राणी बोटीतून उतरत आणि पुष्कळदा काही महिन्यांत दगावत.

७/
या प्रश्नाला उत्तर देणाऱ्यांमध्ये एक भारतीय नाव आदराने घ्यायला हवे: रामब्रह्म सान्याल. अलिपूरचे ते पहिले भारतीय अधीक्षक. १८९२ मध्ये त्यांनी बंदिस्त प्राण्यांच्या व्यवस्थापनावर इंग्रजीत एक मार्गदर्शक ग्रंथ प्रसिद्ध केला. आहार, निवारा, आजार, वीण, वाहतूक यांविषयीचा त्यांचा प्रत्यक्ष अनुभव त्यात आहे.

त्यांच्याच कारकिर्दीत, १८८९ मध्ये, अलिपूरला सुमात्रा गेंड्याचे पिल्लू जन्मले. त्यानंतर बंदिवासात या प्रजातीचे पिल्लू जन्मून वाढायला २००१ साल उजाडावे लागले, तेही अमेरिकेतल्या सिनसिनाटीत. मध्ये ११२ वर्षे गेली!

८/
आता जर्मनीत जाऊ. हाम्बुर्गचा कार्ल हागेनबेक हा जगभर प्राणी पकडून विकणारा मोठा व्यापारी. १९०७ मध्ये त्याने श्टेलिंगन येथे स्वत:चे प्राणिउद्यान उघडले. त्यात गज नव्हते. कृत्रिम खडक होते आणि प्रेक्षक व प्राणी यांच्यामध्ये खोल खंदक होते. कोणता प्राणी किती लांब आणि किती उंच उडी मारतो, हे पाहून खंदकांची मापे ठरवली होती. पुढे हरणे, मागे सिंह, त्यामागे डोंगर. सारा देखावा एकाच नजरेत मावे.

जगभरच्या प्राणिसंग्रहालयांनी ही रचना उचलली.

९/
हागेनबेकविषयी दोन गोष्टी सोबत लक्षात ठेवायला हव्यात. एक, हाच माणूस युरोपात दूरदेशीच्या माणसांचीही प्रदर्शने भरवीत असे. दोन, त्याच्या खंदकांनी गज घालवले ते प्रामुख्याने प्रेक्षकाच्या नजरेसमोरून. प्राण्याला मोकळी हवा आणि थोडी जास्त जागा मिळाली, हे खरे. पण दिवसभर करायचे काय, हा प्रश्न तसाच राहिला.

येथे एक कसोटी हाती लागते. बंदिवासातली प्रत्येक सुधारणा तपासताना विचारायचे: ही कोणाच्या डोळ्यांसाठी आहे? पुढचा सगळा धागा या कसोटीवर घासून पाहा.

१०/
विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात आणखी एक वळण आले. जंतुशास्त्राने रोगांची कारणे उलगडली आणि क्षयासारख्या रोगांनी दगावणारी माकडे, वानरे वाचवण्यासाठी पिंजरे धुण्याजोगे झाले. माती गेली, फरशी आली. झाडाच्या फांद्या गेल्या, लोखंडी फळ्या आल्या. पाण्याचा पाइप फिरवला की दोन मिनिटांत स्वच्छ.

हेतू चांगला होता आणि प्राणी त्यामुळे अधिक काळ जगले, हे नाकारता येत नाही. मात्र त्या स्वच्छ खोलीत हुंगायला, उकरायला, शोधायला काहीच उरले नाही. आयुष्य वाढले, आणि त्यासोबत रिकामा वेळही.

११/
या काळातले सर्वांत देखणे उदाहरण लंडनचे. १९३४ मध्ये वास्तुविशारद बर्थोल्ड ल्युबेटकिन यांनी तिथे पेंग्विनसाठी तळे बांधले. लंबवर्तुळाकार पांढरे कुंड आणि मधोमध एकमेकांभोवती वळत उतरणाऱ्या काँक्रीटच्या दोन नाजूक उतरंडी. आधुनिक वास्तुकलेचा नमुना म्हणून त्याची छायाचित्रे जगभर छापली गेली, आणि आज ती संरक्षित वास्तू आहे.

२००४ मध्ये पेंग्विनना तिथून हलवण्यात आले. काँक्रीटच्या पृष्ठभागाने त्यांच्या पायांना त्रास होत होता. वास्तू राहिली, रहिवासी गेले.

१२/
मग प्राण्याच्या बाजूने विचार कोणी केला? अमेरिकी मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट यर्कीझ १९२४ मध्ये क्यूबातल्या हवाना येथे गेले. तिथे रोसालिया अब्रेऊ या श्रीमंत बाईंनी आपल्या वाड्याच्या आवारात माकडे-वानरांचा मोठा संग्रह बाळगला होता. त्या भेटीवर आधारलेले यर्कीझ यांचे पुस्तक १९२५ मध्ये आले. बंदिस्त वानरांचे जीवन सुधारायचे तर त्यांना खेळता येईल, काम करता येईल अशी साधने बनवायला हवीत, असे त्यांनी त्यात सुचवले.

‘काम’ हा शब्द येथे महत्त्वाचा. बंदिस्त प्राण्याला कामाची गरज असते, हे म्हणणे त्या काळी नवे होते.

१३/
या विचाराला शास्त्राचे रूप दिले ते स्वित्झर्लंडच्या हाइनी हेडिगर यांनी. बर्न, बाझल आणि झ्युरिक अशा तीन प्राणिसंग्रहालयांचे ते क्रमाने संचालक होते. १९४२ मध्ये, युरोप युद्धात होरपळत असताना, बंदिस्त वन्यप्राण्यांवरचा त्यांचा जर्मन ग्रंथ प्रसिद्ध झाला.

रानातला प्राणी ‘मुक्त’ असतो ही आपली कविकल्पना आहे, असे हेडिगर सांगतात. तो आपल्या हद्दीने, शत्रूंनी, ऋतूंनी, ठरलेल्या वाटांनी बांधलेला असतो. म्हणून पिंजरा किती चौरस फुटांचा, हा एकच प्रश्न पुरत नाही. त्या जागेत लपायला, चढायला, अंग घासायला, हद्द आखायला काय आहे, हे पाहिले पाहिजे.

१४/
हेडिगर यांचा दुसरा मुद्दा अधिक खोल आहे. रानातल्या प्राण्याचा दिवस दोन उद्योगांत जातो: शत्रूपासून वाचणे आणि अन्न मिळवणे. बंदिवासात शत्रू नाही आणि अन्न वेळेवर समोर येते. म्हणजे दोन्ही उद्योग माणसाने एका फटक्यात काढून घेतले, आणि बदल्यात काहीच दिले नाही.

हेडिगर यांच्यानंतर बर्नच्या प्राणिसंग्रहालयाची धुरा १९४४ मध्ये मोनिका मायर-होल्झाप्फेल यांनी घेतली. अशा पदावर पोहोचलेल्या आरंभीच्या स्त्रियांपैकी त्या एक. बंदिस्त प्राण्यांचे खेळ आणि त्यांच्या विकृत हालचाली यांचा त्यांनी चिकाटीने अभ्यास केला. त्या येरझाऱ्यांकडे ‘गंमत’ म्हणून न पाहता लक्षण म्हणून पाहणाऱ्यांत त्या आघाडीवर होत्या.

१५/
दरम्यान प्रयोगशाळेतून एक अनपेक्षित साक्ष आली. कॅनडातले मानसशास्त्रज्ञ डोनाल्ड हेब यांनी काही उंदीर घरी नेऊन पाळीव प्राण्यांसारखे मोकळे वाढवले. प्रयोगशाळेच्या पिंजऱ्यात वाढलेल्या उंदरांपेक्षा हे घरचे उंदीर कोडी सोडवण्यात सरस निघाले. हे निरीक्षण १९४७ मध्ये प्रसिद्ध झाले.

१९६० च्या दशकात कॅलिफोर्नियातल्या बर्कली येथे मार्क रोझेनझ्वाइग, मेरियन डायमंड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हीच गोष्ट मेंदूत पाहिली. सोबती आणि खेळणी असलेल्या पिंजऱ्यातल्या उंदरांच्या मेंदूचे बाह्यक एकट्या, रिकाम्या पिंजऱ्यातल्या उंदरांपेक्षा जाड भरले. म्हणजे रिकाम्या पिंजऱ्याचा परिणाम केवळ मन:स्थितीवर नव्हता, तो शरीरात उतरत होता.

१६/
याच सुमारास, १९६३ मध्ये, ग्लेन जेन्सन यांनी एक गमतीदार प्रयोग केला. उंदरांपुढे वाटीत फुकटचे अन्न होते आणि शेजारी एक कळ होती, जी दाबली की तेच अन्न मिळे. उंदरांनी वाटी सोडून कळ दाबायला सुरुवात केली. पुढे कबुतरांपासून वानरांपर्यंत अनेक प्राण्यांत असेच दिसून आले. आयते ताट समोर असतानाही त्यांना कष्ट करून खाणे पसंत होते.

(मांजर मात्र याला अपवाद निघाले. ज्यांच्या घरी मांजर आहे, त्यांना याचे आश्चर्य वाटणार नाही.)

१७/
आता या कथेतला सर्वांत नाट्यमय वाद. १९७० च्या दशकाच्या आरंभी मानसशास्त्रज्ञ हाल मार्कोविट्झ अमेरिकेतल्या पोर्टलंड प्राणिसंग्रहालयात आले. तिथले गिबन वानर जवळजवळ निष्क्रिय बसून असत. मार्कोविट्झ यांनी पिंजऱ्याच्या दोन टोकांना दिवे आणि तरफा बसवल्या. एका टोकाचा दिवा लागला की तिथली तरफ ओढायची, मग दुसरीकडचा दिवा लागे. फांदीफांदीने झेपावत तिकडे जायचे, तरफ ओढायची आणि खाऊ घ्यायचा.

गिबन पुन्हा झेपावू लागले. एका मँड्रिल माकडासाठी तर त्यांनी दिव्यांचा खेळ रचला होता. प्रेक्षक त्याच्याशी सामना खेळत.

१८/
सियाटलच्या वूडलंड पार्क प्राणिसंग्रहालयाचे संचालक, वास्तुविशारद डेव्हिड हॅनकॉक्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांना हे मुळीच पटले नाही. दिवा लागला की तरफ ओढणारे वानर पाहून लोक काय शिकणार? ही सर्कशीची सुधारित आवृत्ती झाली, असा त्यांचा आक्षेप होता. त्यांचा मार्ग निराळा. १९७० च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी गोरिलांसाठी दाट झाडी, उतार, ओंडके असलेले आवार उभारले. प्रेक्षकही त्याच झाडीतून चालत जाई. जणू तोच पाहुणा.

एकीकडे यंत्र, दुसरीकडे रान. दोन्ही बाजूंना वाटत होते की प्राण्याचे भले आपणच करतो आहोत.

१९/
आपली कसोटी येथे लावून पाहू. मार्कोविट्झ यांचे यंत्र माणसाच्या डोळ्याला खटकत होते, परंतु गिबनच्या हाती काहीतरी ‘घडवण्याची’ शक्ती देत होते: मी हे केले तर ते होते. उलट, रानासारखे दिसणारे प्रत्येक आवार प्राण्यासाठी रान असतेच असे नाही. पुढे अनेक ठिकाणी ही सुंदर झाडी प्राण्यांनी ओरबाडू नये म्हणून तिच्याभोवती विजेच्या तारा ओढल्या गेल्या. प्रेक्षकाला जंगल दिसे, प्राण्याला त्यातली फांदी मोडता येत नसे.

तथापि हॅनकॉक्स यांचे म्हणणे पोकळ नव्हते. खरी माती, खरी झाडे रोज थोडी बदलतात. यंत्राचा खेळ तोच राहतो आणि कालांतराने त्याचीही येरझार होऊ शकते.

२०/
कालांतराने दोन्ही बाजू एकमेकींजवळ आल्या. स्वत: मार्कोविट्झ यांनी पुढे एका बंदिस्त बिबट्याच्या आवारात पक्ष्यांचे आवाज फिरते ठेवले. आवाजाचा माग काढत बिबट्या धावला की शेवटी त्याला खाद्य मिळे. यंत्र लपलेले होते, वर्तन मात्र शिकाऱ्याचे होते.

१९९३ मध्ये पोर्टलंडलाच या विषयावरची पहिली परिषद भरली आणि तिच्यातून १९९८ मध्ये ‘सेकंड नेचर’ हा निबंधसंग्रह निघाला. अर्धशतकापूर्वी हेडिगर एकट्याने मांडत होते तो विचार आता एक ज्ञानशाखा झाला होता.

२१/
कायदाही मागोमाग आला, आणि तो प्राणिसंग्रहालयांच्या नव्हे तर गोठ्यांच्या व प्रयोगशाळांच्या वाटेने. १९६४ मध्ये रूथ हॅरिसन यांच्या ‘अ‍ॅनिमल मशीन्स’ने ब्रिटनमधल्या कोंडपालनाचे चित्र लोकांपुढे मांडले. सरकारने नेमलेल्या ब्रॅम्बेल समितीने १९६५ मध्ये सांगितले की जनावराला निदान उठता, बसता, वळता, अंग चाटता आणि हातपाय ताणता आले पाहिजेत. यातूनच १९७९ मध्ये ‘पाच स्वातंत्र्ये’ आकाराला आली. त्यांतले एक, स्वाभाविक वर्तन करता येण्याचे.

१९८५ मध्ये अमेरिकेने कायद्यात दुरुस्ती करून प्रयोगशाळेतल्या वानरवर्गीय प्राण्यांच्या ‘मानसिक स्वास्थ्या’ची जबाबदारी संस्थांवर टाकली. कायद्याच्या भाषेत प्राण्याला मन मिळाले.

२२/
या साऱ्याची परीक्षा घेतली ती एका अस्वलाने. न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्क प्राणिसंग्रहालयातला गस हा ध्रुवीय अस्वल १९९४ मध्ये बातम्यांत आला. तो आपल्या तळ्यात तासन् तास इंग्रजी आठाच्या आकड्यात पोहत राही. वर्तनतज्ज्ञ बोलावले गेले. खर्च २५,००० डॉलर. बर्फात गोठवलेले मासे, सोडवून खायचे खाऊ, नवी खेळणी असा उपचार सुरू झाला. शहराने विनोद केले, आणि त्याच वेळी त्याच्यात स्वत:लाही पाहिले.

गसचे फेरे कमी झाले. पूर्णपणे कधीच थांबले नाहीत. २०१३ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, त्याचा शेवट झाला.

२३/
का थांबले नसतील? २००३ मध्ये ऑक्सफर्डच्या रॉस क्लब आणि जॉर्जिया मेसन यांनी मांसाहारी प्राण्यांची तुलना केली. निष्कर्ष असा: ज्यांचा रानातला वावर जितका विस्तीर्ण, त्यांच्या बंदिवासातल्या येरझाऱ्या तितक्या अधिक आणि पिल्ले दगावण्याचे प्रमाणही अधिक. ध्रुवीय अस्वलाचे सर्वसाधारण आवार त्याच्या रानातल्या किमान हद्दीच्या सुमारे दहालाखाव्या हिश्श्याएवढे भरते. एवढी तूट बर्फातल्या माशाने भरून येणे कठीण.

२००५ मधला एक आढावाही हेच सुचवतो: समृद्धीचे उपाय केल्यावर येरझाऱ्या निम्म्याहून थोड्या अधिक प्रसंगी घटल्या. शिवाय जुनी येरझार व्रणासारखी असू शकते. कारण दूर झाले तरी खूण राहते.

२४/
येथे प्रामाणिकपणे थांबायला हवे. एनरिचमेंट हे औषध आहे की बंदिवासाला दिलेली सबब? इतिहास दोन्ही बाजूंनी साक्ष देतो. प्रत्येक सुधारणेने प्राण्याचे काही ना काही दु:ख कमी केले. आणि प्रत्येक सुधारणेने पाहणाऱ्याची टोचणीही कमी केली, इतकी की मूळ प्रश्न काही काळ मागे पडला.

माझे मत सांगतो. काही प्रजातींसाठी उत्तर ‘अधिक चांगले आवार’ हे नसून ‘ठेवूच नये’ हे आहे. आपल्या केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाने २००९ मध्ये हत्तींना प्राणिसंग्रहालयांतून व सर्कशींतून हलवण्याचा निर्णय घेतला, तेव्हा त्यामागे हाच विचार होता.

२५/
मात्र सगळ्यांसाठी दार उघडता येत नाही. आपल्याकडचेच पाहा. जुन्नरच्या उसाच्या पट्ट्यात माणूस आणि बिबट्या यांच्या संघर्षातून पकडलेले बिबटे माणिकडोहच्या निवारा केंद्रात ठेवले जातात. त्यांतले काही जखमी, काही पिल्ले असतानाच आईपासून तुटलेले. ते पुन्हा रानात जाणार नाहीत. प्रयोगशाळेतून निवृत्त झालेली वानरे, कलंदरांकडून सोडवलेली अस्वले यांचेही तेच.

अशा प्राण्यांपुढे ‘बंदिवास असावा की नसावा’ ही चर्चा व्यर्थ आहे. त्यांचा उद्याचा दिवस कसा जाईल, एवढाच प्रश्न उरतो. आणि त्याचे उत्तर पुष्कळदा स्वस्त असते: उंच मचाण, नखे घासायला ओंडका, लपवून ठेवलेले मांस, अनोळखी वास, नजरेआड होण्यापुरता आडोसा.

२६/
शेवटच्या गोष्टीकडे विशेष लक्ष द्या. आडोसा, म्हणजे न दिसण्याची मुभा. प्रेक्षक म्हणून आपल्याला ती सर्वांत नकोशी वाटते. ‘एवढे तिकीट काढून आलो आणि वाघ दिसलाच नाही!’ अशी तक्रार आपण सगळ्यांनी केली आहे. पण आपली कसोटी पूर्ण उतरते ती येथेच. जे आवार प्राण्याला आपल्यापासून लपू देते, ते निश्चितपणे आपल्या डोळ्यांसाठी बांधलेले नाही.

२७/
पुढच्या वेळी एखाद्या प्राणिसंग्रहालयात गेलात, तर पाटीवरचे शास्त्रीय नाव वाचून लगेच पुढे जाऊ नका. पाच मिनिटे थांबा. पायाखाली माती आहे की फरशी? खाणे समोर टाकलेले आहे की शोधायला ठेवलेले? लपायला जागा आहे का? आणि प्राणी एकाच ठिकाणी, एकाच तऱ्हेने वळतो आहे का? काही खटकले तर तिथल्या प्राणीरक्षकाशी आदराने बोला. सुधारणा व्हावी असे त्यालाही वाटत असते, आणि विचारणारा प्रेक्षक त्याच्या उपयोगी पडू शकतो.

२८/
त्या सहलीतल्या अस्वलाची आणखी एक गोष्ट मला आठवते. त्याच्या वळण्याच्या जागी, भिंतीलगत, फरशीचा रंग उडून एक गुळगुळीत पट्टा तयार झाला होता. तेव्हा मी तो पाहिला आणि विसरलो. आता अभिलेखागारात जुनी कागदपत्रे चाळताना तो पट्टा आठवतो. त्या प्राण्याने लिहून ठेवलेली नोंदच होती ती; कित्येक वर्षांची, रोजची.

आम्हा चाळीस मुलांपैकी कोणालाच ती वाचता आली नाही. तुम्हाला कोणाला अशी नोंद कुठे दिसली असेल, तर खाली जरूर लिहा.

(समाप्त)